कागदाच्या कडेवरचा बाण

(कोल्हापुरातील एका स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



फौजेच्या मनुष्यबळाची संगणकी मॉडेलं हा विषय जाहीर झाल्यापासून मला दोन तऱ्हेचे फोन आले. माजी सैनिक मंडळींनी विचारलं, "सर, संगणकाला फौजेतलं काय कळतंय?" आणि माझ्या जुन्या विद्यार्थ्यांनी विचारलं, "सर, तुम्हाला फौजेतलं काय कळतंय?" दोन्ही प्रश्न रास्त आहेत. दुसऱ्याचं उत्तर आधी देऊन टाकतो : थोडंच. मी जन्मभर संख्याशास्त्र शिकवलं. फौजेशी माझा संबंध आमच्या माळ्यावरच्या एका पेटीपुरता.

ती पेटी थोरल्या काकांची. काळी, पत्र्याची, वर पांढऱ्या रंगात नंबर, हुद्दा, नाव आणि खाली गाव, पोस्ट, तालुका. या सभागृहात बसलेल्या निम्म्या लोकांच्या घरी तशी एक असेल; आता तीत गोधड्या नाहीतर भात असेल. आमच्या पेटीवर हुद्द्याच्या जागी रंगाचा पापुद्रा जाड आहे. आधी 'शिपाई' लिहिलं होतं, त्यावर काळा हात मारून 'नाईक', त्यावर पुन्हा काळा हात मारून 'हवालदार'. दुपारी कौलातून ऊन तिरपं आलं की खालची अक्षरं वर दिसतात. लहानपणी मला ती गंमत वाटायची. मार्कोव्ह साखळी शिकवायला लागलो तेव्हा कळलं की काकांनी ती पेटीवरच काढून ठेवली होती. त्याकडे येतो.

फौजेत माणसं किती, कोणत्या हुद्द्यावर, कुठून आणायची, कधी सोडायची, हा हिशेब संगणकाच्या फार आधीचा आहे. जिंजीला राजाराम महाराजांच्या पदरी असताना कृष्णाजी अनंत सभासदांनी १६९७ च्या सुमारास बखर लिहिली. तिच्यात घोडदळाची बांधणी दिली आहे. पंचवीस बारगिरांवर एक हवालदार, पाच हवालदारांवर एक जुमलेदार, दहा जुमल्यांवर एक हजारी, पाच हजारींवर एक पंचहजारी. गुणाकार करून बघा. हजारीच्या हाताखाली हजार नव्हे, साडेबाराशे येतात. नाव हजारी आणि पट साडेबाराशेचा! आजारी, रजेवरचे आणि पडलेले वजा जाता हजार उभे राहावेत असा तो हिशेब असावा, असं मला वाटतं. ही माझी अटकळ, इतिहासकारांनी रागावू नये. पण उतरंड तिथे आहे. वरची एक जागा भरायची तर खाली किती माणसं किती वर्षं तयार होत राहिली पाहिजेत, हा प्रश्न त्या उतरंडीतच दडलेला आहे.

तो प्रश्न गणिताच्या भाषेत नीट मांडला गेला तो दुसऱ्या महायुद्धाच्या काळात. हिलरी सील नावाच्या विमागणितज्ञाने १९४५ मध्ये 'बायोमेट्रिका' या नियतकालिकात एक लेख लिहिला. पायऱ्यापायऱ्यांची लोकसंख्या, प्रत्येक पायरी खालच्या पायरीतून भरायची आणि तळाला दरवर्षी ठरावीक नवे लोक घ्यायचे, असा त्याचा विषय. पुढे अमेरिकेने १९७३ मध्ये सक्तीची भरती बंद केली. सक्ती असेपर्यंत माणूस कमी पडला की हुकूम काढायचा, एवढंच काम होतं. सक्ती गेल्यावर हिशेब करणं भाग पडलं आणि या मॉडेलांना खरे दिवस आले. आपल्याकडे सिकंदराबादला १९७० पासून लष्करी अधिकाऱ्यांना व्यवस्थापनशास्त्र शिकवणारं कॉलेज आहे, आणि दिल्लीत डीआरडीओची एक संस्था लढाईची संगणकी प्रारूपं करते. तेव्हा संगणकाला फौजेतलं काय कळतंय, याचं पहिलं उत्तर असं की त्याला विचारायला आपण कधीच सुरुवात केली आहे.

मी फळा मुद्दाम मागवला आहे. यंत्र नको, खडू पुरे.

एक हौद घ्या. वरून तोटी, खालून मोरी. हौदात पाणी किती राहील? जेवढं वर्षाला येतं, गुणिले ते सरासरी किती वर्षं थांबतं. बस. भूदलात साधारण बारा लाख माणूस धरू. लवकर पेन्शनवर येणारा शिपाई आणि उशिरा येणारा सुभेदार मिळून सरासरी नोकरी वीस वर्षं धरू. मग बारा लाखांचा हौद भरलेला ठेवायला दरवर्षी साठ हजार पोरं आत यावी लागतात आणि साठ हजार बाहेर पडतात. खरे आकडे दरवर्षी हलतात : २०१८-१९ मध्ये भूदलाची भरती ५३,४३१ होती, २०१९-२० मध्ये ८०,५७२. पण हौदाचं गणित तुम्हाला फार फसवत नाही.

आता मुदत बदलू. १४ जून २०२२ ला अग्निपथ योजना जाहीर झाली. तेव्हाचा नियम असा : चार वर्षं नोकरी, मग शंभरातले फार तर पंचवीस कायम, आणि त्यांना पुढे किमान पंधरा वर्षं. पंच्याहत्तर चोक तीनशे. पंचवीस गुणिले एकोणीस, चारशे पंचाहत्तर. एकूण सातशे पंचाहत्तर, भागिले शंभर. सरासरी मुदत पावणेआठ वर्षं. वीसवरून पावणेआठ! पहिल्या वर्षीची भरती तिन्ही दलांची मिळून ४६,००० जाहीर झाली होती. तेवढीच दरवर्षी चालू ठेवली तर शेवटी हौदात साडेतीन लाखांच्या थोडं वर माणूस उरतो. एकट्या भूदलाचे बारा लाख टिकवायचे तर तोटी दीड लाखाच्या वर न्यावी लागेल. त्याच आठवड्यात लष्कराकडून सांगितलं गेलं की ही भरती पुढे वाढत वाढत सव्वा लाखापर्यंत जाईल. आपल्या पेपरांनी ती बातमी आश्वासन म्हणून छापली, विरोधकांनी थाप म्हणून झटकली. माझ्या मते ती दोन्ही नव्हती. तो पावणेआठचा भागाकार होता. तोटी मोठी करा, नाहीतर हौद लहान करा. तिसरी वाट गणितात नाही. दोन्हींपैकी कुठली निवडायची हे मात्र मॉडेल सांगत नाही. ते दिल्लीने सांगायचं असतं, आणि उघड सांगायचं असतं.

फौजेचं सरासरी वय ३२ वरून २६ वर येईल, हाही असाच मॉडेलमधून आलेला आकडा. त्यामागची काळजी जुनी आहे. कारगिलनंतर के. सुब्रह्मण्यम यांच्या समितीने सतरा वर्षांची नोकरी सात ते दहा वर्षांवर आणावी असं सुचवलं होतं. डोंगर चढणाऱ्या माणसाचं वय हा काही चैनीचा प्रश्न नव्हे.

आता पेटी. रशियन गणिती आंद्रेई मार्कोव्ह यांनी १९१३ मध्ये पुश्किनच्या 'येवगेनी ओनेगिन' या काव्यातली वीस हजार अक्षरं मोजली. स्वरानंतर स्वर किती वेळा, स्वरानंतर व्यंजन किती वेळा. पुढचं अक्षर काय असेल याचा अंदाज फक्त आत्ताच्या अक्षरावरून बांधायचा, त्याआधीचं विसरायचं. मनुष्यबळाचं मॉडेल हेच करतं. शिपाई यंदा शिपाईच राहील, नाईक होईल किंवा बाहेर पडेल, प्रत्येकाची शक्यता लिहायची. नाईकाचं तसंच, हवालदाराचं तसंच. कोष्टक तयार झालं की आजच्या पटाला ते पुन्हा पुन्हा गुणायचं, दरवर्षीची नवी भरती मिळवत जायचं, आणि २०४० साली किती सुभेदार असतील ते पुढ्यात येतं. बारा लाख माणसांना हे कोष्टक पुरेसं चांगलं चालतं, हे मी पैजेवर सांगतो. मोठ्या समूहात एकेकाच्या लहरी एकमेकींना खोडून टाकतात.

पण त्यात एक अट आहे : आधीचं विसरायचं. मॉडेलच्या दृष्टीने पेटीवर फक्त 'हवालदार' आहे. काका सात वर्षं नाईक म्हणून अडकले होते, मधे एकदा गुडघा गेला होता, हे खालचे पापुद्रे त्याला दिसत नाहीत. चांगली मॉडेलं करणारे हुशार असतात. ते 'नाईक' असा एकच खण न ठेवता 'नाईक, पहिलं वर्ष', 'नाईक, दुसरं वर्ष' असे खण पाडतात, म्हणजे तिरप्या उन्हाची थोडी सोय करतात. पण खण वाढले की प्रत्येक खणात माणसं कमी, आणि माणसं कमी की शक्यतांवरचा भरवसा कमी. किती आठवायचं आणि किती विसरायचं, ही या धंद्यातली खरी कसरत.

अधिकाऱ्यांच्या बाबतीत आपण उतरंडीचं गणित एकदा वेगळ्या तऱ्हेने सोडवायला गेलो. अजय विक्रम सिंह समितीच्या शिफारशींनंतर २००४ पासून कॅप्टन दोन वर्षांत, मेजर सहा वर्षांत, लेफ्टनंट कर्नल तेरा वर्षांत, असा वेळेप्रमाणे हुद्दा मिळू लागला. खांद्यावरचं सोनं लवकर आलं. बाटलीची अरुंद मान मात्र थोडी वर सरकली, रुंद झाली नाही. त्यावर अधिक बोलत नाही. कोल्हापूरचा प्रश्न शिपायांचा आहे.

भरती थांबली की पडणाऱ्या पोकळीचं बोलू. २०२०-२१ आणि २०२१-२२ ही दोन वर्षं भूदलात शिपायांची भरती झालीच नाही. कोविड हे कारण होतं. वर्षाला साठ हजार धरले तर दोन वर्षांत एक लाख वीस हजारांची तूट. डिसेंबर २०२२ मध्ये संसदेत सांगितलेला तुटीचा आकडा लाखाच्या वरच होता. आपल्याकडच्या शेतकऱ्याला हे समजावून सांगावं लागत नाही. आडसाली लागण जुलै-ऑगस्टात चुकली, तर पुढच्या सालातल्या गळीत हंगामात तेवढा फड रिकामाच. मागाहून दुप्पट ऊस लावला म्हणून त्या हंगामाचं टनेज वाढत नाही. फौजेत हा रिकामा फड चालत जातो. आज तो शिपायांच्या रांगेत आहे, काही वर्षांनी नाईकांच्या रांगेत जाईल, २०३५ च्या आसपास हवालदारांत पोचेल, आणि दहा जणांच्या सेक्शनचा म्होरक्या शोधताना कुणाला तरी तो जाणवेल. आजचा अर्थमंत्री तेव्हा नसेल, आजचा सेनापती तर नसेलच. मॉडेलचा मोठा उपयोग मला इथे दिसतो. आज बचत वाटणाऱ्या गोष्टीची पावती पंधरा वर्षांनंतरच्या तारखेची ते आजच फाडून हातात देतं.

भरती बंद असलेल्या त्या दोन वर्षांत रंकाळ्याच्या काठाने पहाटे पळणारी पोरं तुम्ही पाहिली असतील. सोळाशे मीटर साडेपाच मिनिटांत मारलं तर साठ गुण. पाच एकतीस लागले तर अठ्ठेचाळीस. एका सेकंदाला बारा गुण! ही पोरं त्या एका सेकंदासाठी दोन वर्षं पळत राहिली आणि वयाने बाद झाली. २०२२ साली एकदाच वयाची अट २३ पर्यंत सैल केली, तेवढा काहींना आधार मिळाला. कोष्टकात या पोरांना खणच नाही. ती आत आलीच नाहीत.

आता जरा कडू बोलतो.

मॉडेलमध्ये जी माणसं नाहीत त्यांच्याबद्दल मॉडेल गप्प बसतं, आणि ते गप्प बसणं पुढे पुरावा म्हणून वापरलं जातं. आपल्याच मुलखातलं उदाहरण आहे. ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई फौजेत महार शिपाई पिढ्यान् पिढ्या होते. डॉ. आंबेडकरांचे वडील रामजी सकपाळ हे फौजेत सुभेदार मेजर होते. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी इंग्रजांनी लढाऊ जातींचा सिद्धांत उचलला आणि १८९२ च्या सुमारास महारांची भरती बंद केली. स्वतः फौजेतून निवृत्त झालेल्या गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ मध्ये त्याविरुद्ध अर्ज तयार केला. पुढे १९१० मध्ये शिवराम जानबा कांबळे यांनीही अर्ज केला. पहिल्या महायुद्धात माणूस कमी पडला तेव्हा १११ महार ही पलटण उभी राहिली, आणि युद्ध संपल्यावर १९२१ मध्ये मोडली. मग १९४१ साली, पुन्हा युद्धातच, इथून जवळच बेळगावला महार रेजिमेंट उभी राहिली.

याच्याकडे संख्याशास्त्राच्या मास्तरच्या नजरेने बघा. १८९२ नंतर त्या जातीचा नवा शिपाई फौजेत नाही. म्हणून पहिल्या महायुद्धापर्यंतच्या दफ्तरात त्यांच्या शौर्याच्या नोंदी जवळजवळ नाहीत. उद्या एखाद्या यंत्राला ते दफ्तर वाचायला दिलं आणि विचारलं, चांगला शिपाई कुठून मिळतो, तर ते अगदी प्रामाणिकपणे आधीच्याच गावांची, आधीच्याच आडनावांची यादी देईल. त्यात जातिद्वेष नसेल. फक्त आपणच पेरलेलं ते आपल्याला मोजून परत देईल. आजचं 'शिकणारं' सॉफ्टवेअर भरतीत वापरायच्या गोष्टी चालतात तेव्हा मला वलंगकरांचा अर्ज आठवतो.

उलट टोकही आहे. राज्याराज्यांचा वाटा ठरवायला भूदल भरतीयोग्य पुरुष लोकसंख्या धरतं, म्हणजे एकूण पुरुषांच्या दहा टक्के. हे मॉडेल इतकं साधं की मला ते आवडतं. त्यात जात नाही, आडनाव नाही. पण या हिशेबात मलबार हिलचा तरुण आणि शिरोळ तालुक्यातल्या सैनिक टाकळीचा तरुण एकाच मापाचे. ज्या गावाने नावापुढे 'सैनिक' लावून घेतलं त्याला हे कसं पटावं? मला विचाराल तर पटवून घ्यावं. न्याय आणि परंपरा यांत एकाला थोडं टोचणारच.

आणि हे सगळं कशावर उभं आहे? कारकुनाच्या नोंदीवर. अमेरिकेत १९७६ ते १९८० या काळात भरतीच्या बुद्धिचाचणीचे गुण बदलायचं कोष्टकच चुकलं होतं. खालच्या गटातले भरती पाच टक्के आहेत असं वाटत होतं, ते निघाले तीस टक्क्यांच्या घरात. चार वर्षं जगातल्या सर्वांत श्रीमंत फौजेला पत्ता नव्हता. आणखी मजा म्हणजे त्या पोरांपैकी बरीचशी नोकरी नीट करून गेली; म्हणजे कोष्टक चुकलं, तसं चाचणीवरचा विश्वासही थोडा चुकलाच. ब्रिटनने २०१२ मध्ये भरतीचं काम खासगी कंपनीशी भागीदारीत दिलं. नवी संगणक व्यवस्था ५२ महिने उशिरा आली, आणि अर्ज केल्यापासून प्रशिक्षणाला जाईपर्यंत निम्म्या उमेदवारांना ३२१ दिवसांपर्यंत लागत होते, हे तिथल्याच लेखापरीक्षकांनी २०१८ मध्ये छापलं. एवढ्या दिवसांत पोरगं दुसरी नोकरी धरतं आणि लग्नही करतं.

घरचंच सांगतो. काका वारले तेव्हा काकूची फॅमिली पेन्शन अडली. नोंदीत नाव 'वत्सला', बँकेत 'वत्सलाबाई'. लग्नानंतर त्याची फौजेतली नोंद म्हणून पार्ट टू ऑर्डर निघाली होती ती कुणा कारकुनाने 'बाई' गाळून लिहिली होती, चाळीस वर्षांपूर्वी. कचेरीचं नाव घेत नाही, तिथला माणूस सज्जन होता. त्याने स्क्रीन माझ्याकडे वळवली आणि म्हणाला, "तुम्हीच बघा सर, यात मला बदल करताच येत नाही." काकू शेजारी बसलेली. ती म्हणाली, "मग मी कोण ते त्यालाच विचारा." चौदा महिने गेले. बारा लाखांच्या मॉडेलमध्ये ही चूक म्हणजे धुळीचा कण. पण मी वर्गात 'नोंदीतली चूक' हा धडा घ्यायला उभा राहिलो की अजून काकूचं ते वाक्य कानात येतं आणि खडू थांबतो.

आता फळ्यावरच्या चित्राकडे परत बघा. चौकटी काढल्या : शिपाई, नाईक, हवालदार. चौकटीतून चौकटीत बाण. आणि प्रत्येक चौकटीतून एक बाण बाहेर जातो. जगातल्या कुठल्याही पुस्तकात हे चित्र काढा, तो बाण कागदाच्या कडेशी संपतो. त्याच्या टोकाला काही नसतं. इंग्रजीत त्याला गळती, झीज अशा अर्थाचे शब्द आहेत. दिल्लीहून बघितलं की ती झीजच असते.

कोल्हापुरातून बघितलं की तो बाण आत येणारा आहे. तो एसटी स्टँडवर उतरतो. त्याच्या खांद्यावर पेटी असते. म्हणजे आता चाकाची बॅग असते. गडहिंग्लज, चंदगड, आजरा, शिरोळ इथल्या गावांनी शंभर वर्षं हा बाण झेलला. पण तो चाळिशीच्या आतबाहेरचा, पेन्शन घेऊन आलेला, पोरं शाळेत घातलेला माणूस होता. त्याने विहीर खोदली, दूध संस्थेत सचिव झाला, डीएससीत, म्हणजे डिफेन्स सिक्युरिटी कोअरमध्ये, पुन्हा गेला, सरपंचाशी भांडला. गावाचं अर्थकारण त्या वयाला बेतलेलं होतं. आता शंभरातले पंच्याहत्तर येतील ते पंचविशीच्या आतबाहेरचे, पेन्शन नसलेले, हातात बाहेर पडताना मिळणाऱ्या सेवा निधीचे ११ लाख ७१ हजार आणि चार वर्षांची शिस्त असलेले. भूदलाची पहिली तुकडी जानेवारी २०२३ मध्ये प्रशिक्षणाला बसली. २०२६ संपता संपता त्यांची चार वर्षं भरतात.

दिल्लीचं मॉडेल दिल्लीच्या चौकटीपुरतं नीट आहे. मी त्याला नावं ठेवत नाही. मला म्हणायचंय ते एवढंच की कडेवरचा बाण जिथे उतरतो तिथलं मॉडेल दिल्ली करणार नाही, कारण तो तिचा कागद नव्हे. ते आपल्या जिल्हा परिषदेने, विद्यापीठाच्या पोरांनी, जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयाने मिळून करायला हवं. गावागावातून गेले किती, परततील कधी, कुठलं काम शिकून. सिग्नलवाला, ड्रायव्हर, नर्सिंगवाला वेगळा मोजायचा. टेंबलाईवाडीची १०९ टीए, म्हणजे प्रादेशिक सेनेची, बटालियन दाखवते की नांगर आणि बंदूक एकाच माणसाच्या हातात वर्षाच्या वेगवेगळ्या महिन्यांत राहू शकतात. त्या तऱ्हेच्या किती जागा वाढवता येतील, तेही कोष्टकात घालायचं. खर्च म्हणाल तर दोन संगणक आणि चार चिकाटीचे विद्यार्थी.

माझ्या चुलतभावाचा मुलगा त्या पहिल्या तुकड्यांपैकी एकात आहे. गेल्या महिन्यात रात्री त्याचा फोन आला. मला वाटलं, आपण पंचवीसात की पंच्याहत्तरात, हे विचारेल. मी शक्यतेची व्याख्या जुळवत होतो. तो म्हणाला, "तात्या, परत आलो तर जेसीबी घ्यावा म्हणतोय. हप्ता बसेल का?"

मी म्हटलं, "आधी सांग, गावात जेसीबी किती आहेत?"

तो थांबला. मागे कुणीतरी हाक मारत होतं, बहुधा रोलकॉलची वेळ असावी.

"सात," तो म्हणाला. "त्यातले चार पेन्शनवाल्यांचे."

मग आम्ही दोघं डिझेलच्या हिशेबाला बसलो.